‘ट्रान्सलेशन्स’ मराठीत करताय? गाव कोकणात हलवायची घाई करू नका

तुमचा प्रश्न आधी थोडक्यात मांडतो, म्हणजे इतर वाचणाऱ्यांनाही संदर्भ लागेल. राज्य नाट्य स्पर्धेसाठी तुमच्या गटाला आयरिश नाटककार ब्रायन फ्रील यांचं ‘ट्रान्सलेशन्स’ मराठीत करायचं आहे. गटातल्या निम्म्या लोकांचं म्हणणं, गाव उचलून १८३३ च्या कोकणात आणावं, इंग्रज अधिकारी आहेत तसेच राहू द्यावेत, म्हणजे नाटक ‘आपलं’ होईल. बाकीच्यांना ही मूळ नाटकाशी बेइमानी वाटते. आणि जाता जाता तुम्ही असंही विचारलंय की हे आयरिश नाटककार सदानकदा आपल्या ओळखीबद्दलच का बोलत असतात, आणि इथल्या प्रेक्षकाने ते का बघावं.

जाता जाता विचारलेला हा प्रश्नच माझ्या मते मुख्य आहे. त्याचा उलगडा झाला की गाव कुठे ठेवायचं हे बरंचसं आपोआप सुटतं. मी आयरिश नाटकं मराठीत बसवली आहेत, शिबिरांतून तरुण नटांकडून वाचून घेतली आहेत. त्या कामातून जे हाती लागलं ते सांगतो.

काही गोष्टी परिस्थितीवर अवलंबून आहेत, हे आधीच मान्य करतो. नाटकात दहा पात्रं आहेत आणि त्यातलं एकही भरतीचं नाही. तेवढे तयारीचे नट तुमच्याकडे आहेत का, स्पर्धेपुरता एकच प्रयोग होणार की पुढेही चालवणार, आणि संहिता कोण करतंय, यावर तपशील बदलतील. भाषांतर करणारा इंग्रजी नुसती वाचणारा असेल आणि कानाने ऐकणारा नसेल, तर माझा पहिला सल्ला नाटक बदला असाच राहील.

आता मुख्य प्रश्न. आयर्लंडमध्ये रंगभूमी आधी आली आणि राज्य नंतर. १८९९ मध्ये डब्ल्यू. बी. येट्स, लेडी ग्रेगरी आणि एडवर्ड मार्टिन यांनी आयरिश लिटररी थिएटर सुरू केलं. २७ डिसेंबर १९०४ ला डब्लिनमध्ये अ‍ॅबी थिएटरचा पडदा उघडला, आणि ती वास्तू मिळवून देणाऱ्या ॲनी हॉर्निमन या बाई इंग्रज होत्या. स्वतःचं राज्य मिळालं १९२२ मध्ये. मधल्या अठरा वर्षांत ‘आपण कोण’ याचा वाद घालायला त्यांच्या हाती स्वतःची संसद नव्हती, नाटकगृह मात्र होतं. तिथला प्रेक्षक तिकीट काढून यायचा तो नुसती करमणूक म्हणून नव्हे. रंगमंचावर आपलं चित्र कसं काढलंय हे तपासायला यायचा. चित्र पटलं नाही तर खुर्च्या आपटायचा.

सुरुवात भक्तीने झाली. १९०२ मधलं ‘कॅथलीन नी हूलिहान’ हे येट्स आणि लेडी ग्रेगरी यांचं छोटं नाटक. साल १७९८, बंडाचे दिवस, किलाला गावाजवळचं शेतकऱ्याचं घर, मोठ्या मुलाचं लग्न उद्यावर आलेलं. दारात एक म्हातारी येते. परक्यांनी माझी चार हिरवी शेतं बळकावली म्हणते. मुलगा नवरीला तशीच सोडून तिच्यामागे निघून जातो. बाप धाकट्याला विचारतो, वाटेत म्हातारी दिसली का रे? तो म्हणतो, म्हातारी नाही, एक तरुणी दिसली, राणीसारखी चालत होती. ही म्हातारी म्हणजे आयर्लंड, आणि पहिल्या प्रयोगात ती मॉड गॉन यांनी केली, ज्या स्वतः क्रांतिकारकांच्या गोटातल्या होत्या. पाचच वर्षांनी आपल्याकडे ‘कीचकवध’ आलं. द्रौपदीत देश पाहणारा आपला प्रेक्षक आणि म्हातारीत देश पाहणारा डब्लिनचा प्रेक्षक यांची नाडी एकच होती. सरकारने ‘कीचकवधा’वर १९१० मध्ये बंदी घातली, कारण हातात १८७६ चा नाट्यप्रयोग कायदा होता. डब्लिनवर मात्र लंडनच्या लॉर्ड चेंबरलेनच्या नाट्यसेन्सॉरचा अंमल चालत नसे. बर्नार्ड शॉ यांचं लंडनमध्ये अडवलेलं ‘ब्लँको पॉझ्नेट’ १९०९ मध्ये अ‍ॅबीने करून दाखवलं ते याच फटीतून.

१९१६ मध्ये डब्लिनमध्ये इंग्रज सत्तेविरुद्ध झालेल्या ईस्टर उठावात अ‍ॅबीचा नट शॉन कॉनली पहिल्याच दिवशी गोळी लागून पडला. येट्सनी म्हातारपणी एका कवितेत स्वतःला विचारलं आहे: माझ्या त्या नाटकामुळे काही माणसं इंग्रजांच्या गोळ्यांपुढे गेली का? नाटककाराने आपल्या गाजलेल्या नाटकाबद्दल इतकं थेट विचारावं, हे मला आजही हलवून जातं.

पण या भक्तीला जाब विचारणारे त्याच नाटकगृहात, त्याच काळात उभे राहिले. तुमच्या गटाने इथे थोडं थांबून बघावं. नाटककार जे. एम. सिंग हे प्रोटेस्टंट घरातले, म्हणजे बहुसंख्य कॅथलिकांहून वेगळ्या पंथाचे, आणि पॅरिसमध्ये राहणारे. १८९८ पासून ते पश्चिमेकडच्या अरान बेटांवर जाऊन राहायला लागले, लोकांची बोली कानात साठवायला लागले. राष्ट्रवाद्यांच्या लेखी पश्चिमेचा शेतकरी म्हणजे शुद्ध, श्रद्धाळू, खरा आयरिश. त्याच शेतकऱ्याला घेऊन सिंगनी २६ जानेवारी १९०७ ला ‘द प्लेबॉय ऑफ द वेस्टर्न वर्ल्ड’ रंगमंचावर आणलं. मेयो परगण्यातल्या एका आडगावच्या गुत्त्यात क्रिस्टी मेहन नावाचा भेदरलेला पोरगा शिरतो आणि कबूल करतो की मी बापाला फावड्याने मारून आलोय. गाव त्याला पोलिसात देत नाही, डोक्यावर घेतं. पोरी भेटी घेऊन येतात. गुत्तेवाल्याची तिखट जिभेची मुलगी पेगीन त्याच्या प्रेमात पडते. दर खेपेला सांगताना क्रिस्टीचा फटका आणखी जोरदार होत जातो. मग डोक्याला फडकं बांधलेला बाप जिवंत हजर होतो. अब्रू वाचवायला क्रिस्टी त्याला सगळ्यांच्या डोळ्यांदेखत पुन्हा हाणतो, आणि आता मात्र तेच गाव त्याला दोरीने बांधतं. पेगीन स्वतः चुलीत जाळायच्या दलदलीतल्या मातीचं जळतं ढेकूळ त्याच्या पायाला लावते. तिचं म्हणणं एवढंच, की रंगवलेली गोष्ट वेगळी आणि आपल्या परसात झालेलं घाणेरडं कृत्य वेगळं.

त्या आठवड्यात नाटकगृहात पोलीस बोलवावे लागले. येट्स स्कॉटलंडमध्ये होते. लेडी ग्रेगरींनी तार केली की ‘शिफ्ट’, म्हणजे बायकांच्या आतल्या झग्याचा शब्द उच्चारला आणि प्रेक्षक बिथरले. निमित्त झग्याचं होतं. मला विचाराल तर लोकांना खरी बोच लागली ती पेगीनच्या त्या वाक्याची. बंडाच्या गोष्टी ऐकताना माना डोलावणाऱ्या समाजाला, बंड दारात आल्यावर तुम्ही काय कराल, असं कोणीतरी तोंडावर विचारलं होतं.

शॉन ओकेसी आणखी पुढे गेले. तेही प्रोटेस्टंट, पण डब्लिनच्या गरीब वस्तीतले. ‘द प्लाउ अँड द स्टार्स’ ८ फेब्रुवारी १९२६ ला आलं, म्हणजे उठावाला दहा वर्षंही पुरी झाली नव्हती. दुसऱ्या अंकात दारूचा गुत्ता आहे. रोझी रेडमंड ही वेश्या आज धंदा नाही म्हणून कुरकुरते आहे, आणि खिडकीबाहेर एका वक्त्याची नुसती सावली दिसते. तो रक्त सांडण्याची महती गातो आहे. ती वाक्यं फाशी न देता गोळ्या घालून मारलेल्या पॅट्रिक पिअर्स या हुतात्म्याच्या भाषणांतून घेतलेली. मग गणवेशातले स्वयंसेवक राष्ट्राचे झेंडे घेऊन गुत्त्यात येतात. चौथ्या प्रयोगाला दंगा झाला. येट्स रंगमंचावर येऊन गरजले की तुम्ही पुन्हा एकदा स्वतःची लाज घालवलीत.

हा प्रसंग सांगताना अडाणी प्रेक्षक विरुद्ध थोर कलावंत असा रंग दिला जातो, तो मला पटत नाही. विरोध करणाऱ्यांत हॅना शीही-स्केफिंग्टन होत्या. त्यांचा नवरा शांततावादी होता, आणि १९१६ च्या त्या आठवड्यात एका ब्रिटिश अधिकाऱ्याने त्याला विनाचौकशी गोळ्या घालायला लावल्या होत्या. मेलेल्यांच्या आया आणि विधवा प्रेक्षागृहात बसल्या होत्या. त्यांचा राग खरा होता आणि ओकेसींचं नाटकही खरं होतं. शिवाय १९२५ पासून अ‍ॅबीला नव्या सरकारकडून अनुदान मिळत होतं, तेव्हा ‘आमच्या पैशाने आमचीच विटंबना’ हा सूर तिथेही निघालाच. आपल्याकडच्या सत्तरच्या दशकातल्या नाट्यवादांची आठवण तुम्हाला होईल. त्या वादांत कुठल्याही बाजूला उभे राहिलेल्या माणसाला हे सगळं ओळखीचं वाटतं.

इथवरचा धागा एवढाच: ‘आम्ही कोण’ हे आयरिश रंगभूमीने एकदा ठरवून नंतर मिरवलं, असं झालं नाही. एका नाटकाने उभी केलेली प्रतिमा पुढच्या नाटकाने तपासायला घेतली, आणि ती तपासणी त्याच प्रतिमेवर प्रेम करणाऱ्या प्रेक्षकांसमोर झाली. ‘ट्रान्सलेशन्स’ हे त्याच परंपरेतलं नाटक आहे.

मधली काही दशकं पटकन ओलांडतो. १९२८ मध्ये डब्लिनला गेट थिएटर निघालं. त्याचे एक संस्थापक मिहॉल मॅकलिअमोर जन्मभर कॉर्कचे आयरिश म्हणून वावरले. मुळात ते लंडनला जन्मलेले आल्फ्रेड विल्मोर. आयरिश भाषा शिकून त्यांनी ती इतकी आपलीशी केली की त्याच वर्षी गॉलवेत सुरू झालेल्या आयरिश भाषेच्या नाटकगृहाचं पहिलं नाटक त्यांनीच लिहिलं. ओळख जन्माने येते की कमावता येते, या प्रश्नावर मला याहून बोलका दाखला माहीत नाही. सॅम्युअल बेकेट पॅरिसला गेले आणि फ्रेंचमध्ये लिहू लागले. त्यांचे भटके कुठल्या देशाचे हे कोणी विचारत नाही, पण त्यांच्या बोलण्याची लय डब्लिनची आहे, असं तिथले नट ठामपणे सांगतात. मोठ्याने वाचून पाहा, पटेल.

आता फ्रील. जन्म १९२९ चा, उत्तर आयर्लंडमधल्या कॅथलिक घरातला, वाढले डेरी शहरात. १९६४ च्या ‘फिलाडेल्फिया, हिअर आय कम!’ मध्ये त्यांनी अमेरिकेला निघालेल्या गार या तरुणाची भूमिका दोन नटांत वाटून दिली. एक लोकांना दिसणारा, दुसरा फक्त त्यालाच ऐकू येणारा. बाप आणि मुलगा शेवटच्या रात्रीही धड एक वाक्य बोलू शकत नाहीत. स्थलांतर हा त्या देशाचा केवढा मोठा विषय आहे, ते फ्रील एका स्वयंपाकघरात दाखवतात. १९८० मध्ये स्टीफन रे या नटाबरोबर त्यांनी फील्ड डे ही संस्था काढली आणि २३ सप्टेंबरला डेरीच्या गिल्डहॉलमध्ये ‘ट्रान्सलेशन्स’ केलं. जागा मुद्दाम निवडलेली. गिल्डहॉल म्हणजे युनियनिस्ट, म्हणजे ब्रिटनशी जोडलेलंच राहू पाहणाऱ्या पक्षाच्या, सत्तेची खूण, आणि शहर त्या वेळी सैनिकांच्या पहाऱ्यात. त्या रात्री उभं राहून टाळ्या वाजवणाऱ्यांत शहराच्या युनियनिस्ट महापौरबाईही होत्या. एकाच बाजूची तक्रार मांडणारं नाटक असतं तर हे झालं नसतं.

नाटक काय आहे ते पुन्हा नीट पाहू या, कारण तुमच्या पत्रात ते ‘इंग्रजांनी आयरिश भाषा मारली’ एवढ्यावर आलं आहे. साल १८३३, डोनेगॉलमधलं बॅले बेग गाव. ह्यू हा मास्तर गोठ्यात शाळा चालवतो. शेतकऱ्यांची पोरं तिथे लॅटिन आणि ग्रीक शिकतात, इंग्रजी जवळपास कोणालाच येत नाही. ह्यूचा धाकटा मुलगा ओवेन डब्लिनहून परततो तो इंग्रज सैन्याच्या नकाशा-पथकाचा दुभाषा म्हणून. पथकाचं काम म्हणजे गावांची, ओढ्यांची, टेकड्यांची नावं इंग्रजी वळणाची करणं. आता बघा, कोण काय करतंय. नावं बदलायचा उत्साह आयरिश ओवेनला आहे. ती राहू द्यावीत म्हणून कळवळतो लेफ्टनंट योलंड, इंग्रज. इंग्रजी शिकवा असा हट्ट धरते मॉयरा, कारण तिला अमेरिकेला जायचंय, घरी भावंडं पोसायची आहेत. जुनी भाषा प्रगतीच्या आड येते हे ती डॅनियल ओकॉनेलच्या तोंडचं सांगते, आणि ओकॉनेल हा तर आयरिश लोकांचाच पुढारी. शेवटी म्हातारा ह्यू स्वतः म्हणतो की ही नवी नावं आपल्याला शिकावी लागतील, त्यांत आपलं घर करावं लागेल. तिकडे योलंड नाहीसा होतो, आणि पथकाचा कॅप्टन लान्सी धमकी देतो की तो सापडला नाही तर आधी जनावरं मारू, मग घरं पाडू. अन्याय आहेच, फ्रील तो झाकत नाहीत. पण भाषा सोडण्यात घरच्या माणसांची भूक, हौस आणि शहाणपण किती होतं, हेही ते लपवत नाहीत. हवेत येणारा गोडसर वास पात्रांना घाबरवतो. तो बटाट्यावरच्या रोगाचा. प्रेक्षकाला ठाऊक असतं की बारा वर्षांनी मोठा दुष्काळ येणार आहे.

म्हणून कोकण नको. कारण सोवळेपणाचं नाही, इतिहासाचं आहे. १८३३ च्या सुमाराला आयर्लंडमध्ये सरकारी शाळा इंग्रजीतून सुरू होत होत्या. मुंबई इलाख्यात त्याच वर्षांत नेमकं उलट घडत होतं. मोल्सवर्थचा मराठी-इंग्रजी कोश १८३१ चा. ६ जानेवारी १८३२ ला ‘दर्पण’ निघालं, मराठी आणि इंग्रजी शेजारी-शेजारी छापून. आणि ते काढणारे बाळशास्त्री जांभेकर तुम्ही जिथे गाव हलवू पाहताय त्या कोकणातल्याच पोंभुर्ल्याचे. सरकारी शाळांतून मराठी शिकवली जात होती, तिची व्याकरणं आणि पाठ्यपुस्तकं तयार होत होती. म्हणजे तुमच्या कोकणातल्या गोठ्यात लान्सी येऊन मराठी पुसून टाकतोय असं दाखवलंत, तर ते खोटं ठरेल. शिवाय प्रेक्षकाला आयता दिलासा मिळेल की आपण सोसणारे, आपला काही दोष नाही. फ्रील नेमका तोच दिलासा नाकारतात.

गाव कधीच हलवू नये असा माझा नियम नाही. डब्लिनमध्ये जन्मलेल्या शॉ यांचं ‘पिग्मॅलियन’ पु. ल. देशपांड्यांनी ‘ती फुलराणी’ करून आपल्या मातीत लावलं, कारण बोलण्यावरून माणसाची पायरी ठरवण्याचं यंत्र आपल्याकडेही तितकंच जोरात चालतं. यंत्र नव्या जागी चालत असेल तर खुशाल हलवा. चालत नसेल तर जागच्या जागी ठेवा. १९१३ च्या मे महिन्यात अ‍ॅबीने रवींद्रनाथांचं ‘डाकघर’ इंग्रजीतून केलं. अमल बंगालचाच राहिला, डब्लिनच्या प्रेक्षकाला तो कळला.

तरीही प्रेक्षकाला एखादा खरा दुवा हवाच असेल तर तो पत्रिकेत द्या. आयर्लंडच्या त्या नकाशामापनासाठी टॉमस कॉल्बीने उष्णतेने लांबी न बदलणाऱ्या धातूच्या पट्ट्या बनवल्या. डोनेगॉलला लागून असलेल्या लॉक फॉइलच्या काठी १८२७-२८ मध्ये त्यांनी पायारेषा, म्हणजे सगळ्या मोजणीचा आधार असलेली रेषा, मोजली. तशाच पट्ट्या जॉर्ज एव्हरेस्ट भारताच्या मोजणीसाठी इकडे घेऊन आला. गोष्ट तिकडची असली तरी हत्यारं आपल्याकडेही पोचलेली आहेत. एक इशारा मात्र देतो. नाटकातली मोजणी म्हणजे इतिहास नव्हे. खऱ्या मोजणीवाल्यांनी संगिनी रोखून गावं उठवली नव्हती, आणि त्यांच्याकडे जॉन ओडोनव्हन यांच्यासारखे आयरिश विद्वान जुन्या नावांचा अभ्यास करत होते. इतिहासकार जे. एच. अँड्र्यूज यांनी या त्रुटी दाखवल्या तेव्हा फ्रील यांनी त्या कबूल केल्या.

आता तालमीतलं. या नाटकाची कळ एका युक्तीत आहे. मूळ प्रयोगात आयरिश पात्रंही इंग्रजीच बोलतात आणि इंग्रज पात्रंही. प्रेक्षकाला सगळं कळतं, पात्रांना एकमेकांचं कळत नाही. मराठीत सगळे मराठी बोलतील. मग फरक दाखवायचा कसा?

गटातलं कोणीतरी सुचवेल की गावकऱ्यांना मालवणी किंवा वऱ्हाडी द्या आणि अधिकाऱ्यांना प्रमाण मराठी. कृपा करून हे करू नका. ह्यू हा त्या रंगमंचावरचा सगळ्यात विद्वान माणूस आहे, तो गावंढळ दिसता कामा नये. आणि बोली आली की आपला प्रेक्षक सवयीने हसतो. पहिल्या दहा मिनिटांत नाटक हातातून जाईल. अधिकाऱ्यांना खरं इंग्रजी देणं हा दुसरा मोह. त्याने एकमेकांची भाषा न कळणाऱ्या मॉयरा आणि योलंडचा प्रेमप्रवेश मोडतो, कारण दोघांचंही बोलणं सारख्याच सहजपणे कळलं तरच प्रेक्षक तडफडतो.

मी जे करतो ते असं. गावकऱ्यांच्या मराठीत ‘गं, रे, ना, की, बरं का’ भरपूर ठेवतो, वाक्यं एकमेकांत गुंतलेली. अधिकाऱ्यांच्या मराठीतून हे सगळे काढून टाकतो. वाक्यं छोटी, सुटी, कर्ता-कर्म-क्रियापद. दोन्ही प्रमाण मराठीच, पण कान पाच मिनिटांत ओळखतो. लान्सीच्या तोंडी हीच मराठी हुकमासारखी वाटते आणि योलंडच्या तोंडी चाचपडल्यासारखी. प्रेमप्रवेशात मॉयराने योलंडला ‘तू’ म्हणायचं की ‘तुम्ही’ हे मराठीत ठरवावंच लागतं, इंग्रजीत हा पेचच नाही. दोघंही ‘तुम्ही’ने सुरुवात करतात आणि कुठल्याशा ओळीला दोघंही ‘तू’वर येतात, एकाने केलेला बदल दुसऱ्याला कळणं शक्य नसताना. ती ओळ आधी ठरवू नका, तालमीत सापडू द्या. सुरुवातीच्या तालमींत त्या दोन नटांना समोरच्याचे संवाद वाचायलाच देऊ नका. नुसता आवाज आणि चेहरा बघून उत्तर द्यायला लावा. शब्दाला प्रतिक्रिया द्यायची नटाची सवय फार चिवट असते, ती इथे घातक आहे. प्रवेशाच्या शेवटाकडे दोघं एकमेकांना गावांची नावं ऐकवतात. तिथे नावं मूळ आयरिश ध्वनीतच ठेवा.

कारण मराठी प्रयोगात आयरिश भाषेचं अस्तित्व फक्त नावांत उरणार आहे. तिसऱ्या अंकात लान्सी उद्ध्वस्त करायच्या गावांची यादी वाचतो, नव्या इंग्रजी नावांनी, आणि ती लोकांना कळावीत म्हणून ओवेनला एकेक नाव परत जुन्यात सांगावं लागतं. बर्नफूट म्हणजे बुन ना हौन. ड्रोमडफ म्हणजे ड्रिम दुव. स्वतःच्या हाताने केलेलं काम त्याला तोंडाने उसवावं लागतं. इथे ओवेनच्या नटाने रडू नये, फक्त उच्चार चोख करावेत. उच्चार एखाद्या आयरिश माणसाच्या ध्वनिमुद्रणावरून घोटून घ्या, देवनागरीत लिहून भागत नाही.

सारा या पात्राकडे दुर्लक्ष होतं, ते होऊ देऊ नका. तिला बोलायला जमत नाही. पहिल्याच प्रवेशात ह्यूचा मोठा मुलगा मॅनस तिच्याकडून ‘माझं नाव सारा’ एवढं वदवून घेतो. शेवटी लान्सी दरडावून नाव विचारतो आणि तिची वाचा जाते. सगळ्या नाटकाचा कणा या दोन जागांत आहे. त्या मुलीच्या भूमिकेसाठी नवखी मुलगी ‘संवाद कमी आहेत’ म्हणून घेऊ नका.

फ्रीलच्या पुढचंही थोडं वाचा, म्हणजे गटाला कळेल की वाद थांबलेला नाही. डोनेगॉलच्या कॅथलिक घरातल्या फ्रँक मॅकगिनेस यांनी १९८५ मध्ये पहिल्या महायुद्धात लढणाऱ्या उत्तरेकडच्या अल्स्टर प्रांतातल्या प्रोटेस्टंट सैनिकांवर नाटक लिहिलं, ‘ऑब्झर्व्ह द सन्स ऑफ अल्स्टर मार्चिंग टोवर्ड्‌स द सॉम’. दुसऱ्या बाजूच्या माणसाच्या अंगात शिरून लिहिणं काय असतं ते त्यात दिसतं. मरीना कार यांचं १९९८ चं ‘बाय द बॉग ऑफ कॅट्स’ ग्रीक शोकांतिकेतल्या मीडिया या स्त्रीची कथा आयर्लंडच्या दलदलीत आणतं, आणि नायिका आहे भटक्या समाजातली. देशाच्या जुन्या चित्रात तिला जागाच नव्हती. उठावाच्या शताब्दीसाठी अ‍ॅबीने २०१६ चा कार्यक्रम जाहीर केला तेव्हा दहा नाटकांत एकच बाईने लिहिलेलं होतं. त्यावर रंगकर्मी स्त्रियांनी जी चळवळ उभी केली तिने तिथल्या संस्थांना धोरण बदलायला लावलं. २००४ च्या सार्वमताने जन्मामुळे आपोआप मिळणारं नागरिकत्व तिथे बंद झालं. तीन वर्षांनी अ‍ॅबीत बिसी अडिगुन आणि रॉडी डॉइल यांनी ‘प्लेबॉय’ नव्याने लिहून आणलं आणि त्यातला क्रिस्टी नायजेरियातून आलेला दाखवला. शंभर वर्षांपूर्वी ज्या नाटकाने ‘खरा आयरिश कोण’ म्हणून दंगा घडवला, तेच नाटक हा प्रश्न आता बाहेरून आलेल्या माणसासाठी विचारू लागलं.

शेवटी परवानगीचं, कारण इथे गट अडकतात. सिंग १९०९ मध्ये गेले, येट्स १९३९ मध्ये. भारतीय कायद्यात लेखकाच्या मृत्यूनंतर साठ वर्षं हक्क राहतात, तेव्हा त्यांची नाटकं मोकळी आहेत. ओकेसी १९६४ मध्ये गेले, त्यांची मुदत २०२४ च्या अखेरीला संपली. फ्रील २०१५ मध्ये गेले, म्हणजे ‘ट्रान्सलेशन्स’साठी त्यांच्या वारसांच्या एजंटकडून भाषांतर आणि प्रयोग या दोन्हींची लेखी परवानगी घ्यावी लागेल. रंगभूमी प्रयोग परिनिरीक्षण मंडळाकडे संहिता पाठवतानाही हे कागद हाताशी असलेले बरे. उत्तर यायला वेळ लागतो, म्हणून संहितेचं काम सुरू करायच्या आधी पत्र पाठवा. परवानगी वेळेत आली नाही तर ‘प्लेबॉय’ उचला. तिथे गाव हलवायलाही माझी हरकत नाही, कारण लांबच्या खुन्याला नायक करणारी आणि दारात आलेल्याला बांधणारी गावं आपल्याकडे शोधावी लागत नाहीत. प्रेमप्रवेशाचा कच्चा खर्डा झाला की इथे टाका, मी वाचून सविस्तर कळवेन.